कडेच्या नजरेनं देवयानी

बाबा आमच्याकडे डोंबिवलीला राहायला आले आणि आठवडाभरातच सोसायटीत त्यांच्याबद्दल तक्रार आली. तिसऱ्या मजल्यावरच्या वहिनींचं म्हणणं असं की, तुमचे वडील बोलतात माझ्याशी आणि बघतात मात्र भिंतीवरच्या लेटरबॉक्सकडे. "वयस्कर माणूस आहे म्हणून मी काही बोलले नाही," त्या लिफ्टमध्ये मला म्हणाल्या, "पण बरं नाही ना वाटत."

मी त्यांना समजावलं. बाबांच्या दोन्ही डोळ्यांच्या पडद्याचा मधला भाग झिजलाय. समोर बघितलं की बरोबर मधोमध एक करडा डाग येतो, आणि ज्याच्याकडे बघायचं नेमकं तेच त्या डागात गडप होतं. कडेचं मात्र दिसतं. त्यामुळे वहिनींचा चेहरा बघायचा तर बाबांना लेटरबॉक्सकडे नजर लावावी लागते. वहिनींना ते पटलं. दुसऱ्या दिवशी बाबा खाली भेटले तेव्हा त्या आपण होऊन लेटरबॉक्ससमोर जाऊन उभ्या राहिल्या, म्हणजे बाबांना सरळ बघता यावं. अर्थात मग त्या बाबांना दिसल्याच नाहीत.

बाबा शहाडच्या एका कारखान्यात फिटर होते. सगळी नोकरी तिथेच गेली. विठ्ठलवाडीला चाळीत आमची दोन खोल्यांची जागा होती; आई गेल्यावरही ते तिथे एकटे राहत होते आणि छान राहत होते. स्वतःचा स्वयंपाक, रविवारी विहारात वंदना, संध्याकाळी चाळीतल्या लोकांबरोबर बाकावर गप्पा. मग डोळे बिघडले. एक दिवस गॅसची ज्योत पेटलीय की नाही ते दिसेना म्हणून त्यांनी बोटानं चाचपून पाहिलं. बोट भाजलं, आणि आम्हा भावंडांची मीटिंग भरली. माझा मोठा भाऊ घोडबंदर रोडला एका टॉवरमध्ये चोविसाव्या मजल्यावर राहतो. बाबा आधी महिनाभर त्याच्याकडे गेले. "घर चांगलं आहे," ते मला फोनवर म्हणाले, "पण खाली काय चाललंय ते कळत नाही. माणसं मुंग्यांएवढी. आधीच मला मुंग्या दिसत नाहीत." म्हणून ते आमच्या दुसऱ्या मजल्यावर आले.

डॉक्टरांनी सांगितलं होतं की झालेलं नुकसान भरून यायचं नाही, पण कडेची नजर वापरायला शिका, सवयीनं जमतं. बाबा कारागीर माणूस. त्यांनी ते काम अंगावर घेतल्यासारखं घेतलं. माझं नाक बघायचं तर कानाकडे बघायचं, ताटातली भाजी बघायची तर पाण्याच्या तांब्याकडे. टीव्हीसमोर ते असे तिरके बसत की नवीन आलेल्या माणसाला वाटावं, हे रुसलेत.

मी स्वतः कल्याणला एका पॅथॉलॉजी लॅबमध्ये टेक्निशियन आहे. एकोणतीस वर्षं मायक्रोस्कोपमधून रक्त बघतेय. पूर्वी सगळं हातानं मोजायचं: शंभर पांढऱ्या पेशी, त्यातल्या कुठल्या जातीच्या किती. आता मशीन मोजतं. मशीनला काही विचित्र वाटलं तरच त्या रक्ताची काच माझ्याकडे येते. त्यामुळे माझ्या वाट्याला सगळ्या विचित्र पेशीच येतात, आणि सरळ सांगायचं तर त्यातच मजा असते.

मुलगी नोकरीसाठी पुण्याला गेली तेव्हा तिचा जुना लॅपटॉप घरी ठेवून गेली. जाताना म्हणाली, "आई, दिवसभर एवढ्याशा पेशी बघतेस, घरी जरा मोठं काहीतरी बघ." आणि तिनं मला एक साइट उघडून दिली. मोठमोठ्या दुर्बिणींनी काढलेले आकाशाचे फोटो तिथे असतात. त्यात दीर्घिका असतात, लाखांनी. आपली आकाशगंगा ही जशी अब्जावधी ताऱ्यांची एक वस्ती, तशा या दुसऱ्या वस्त्या. एवढ्या सगळ्या नीट बघायला शास्त्रज्ञांकडे तेवढे डोळे नाहीत, म्हणून ते आपल्यासारख्या लोकांना विचारतात. एक फोटो समोर येतो. प्रश्न येतो: ही गुळगुळीत गोल आहे की हिला भुजा आहेत? भुजा किती? मधे फुगवटा आहे का? काही वेगळं दिसतंय का? आपण उत्तरावर क्लिक करायचं की पुढचा फोटो.

मला ते पहिल्या दिवशीच जमलं. जमणारच होतं, माझं आयुष्य त्यातच गेलं होतं. जेवणं झाली, ओटा पुसला की मी टेबलावर बसायची आणि पन्नासेक दीर्घिका हातावेगळ्या करायची. नवरा म्हणायचा, "बायको ओव्हरटाइम करते, कंपनी कुठली ते माहीत नाही."

बाबा आले तसे तेही शेजारी खुर्ची ओढून बसायला लागले.

"काय बघतेस गं एवढं?"

मी सांगितलं. त्यांनी खुर्ची तिरकी केली, मान वळवली, नजर फ्रिजवर ठेवली आणि स्क्रीन बघितली.

"हे लेथवर पितळ तासल्यावर छिलपं निघतं ना वळलेलं, तसं आहे."

मी 'भुजा आहेत' यावर क्लिक केलं. पुढची आली.

"ही बशी आहे. कडेनं धरलेली."

तीही बरोबर. पुढे पुढे मी फोटो मोठा करायची आणि बाबांना आधी विचारायची. बारकावे त्यांना दिसत नसत, पण एकूण आकार ते झटकन ओळखत. कधी ते म्हणायचे, "याला एक शेपूट आहे," आणि मी नाही म्हणायची, मग नीट बघितलं की खरंच एक पुसटसा धागा लोंबत असायचा. दोन दीर्घिका एकमेकींच्या फार जवळून गेल्या की असे धागे ओढले जातात, हे मला नंतर कळलं.

साइटवर लिहिलेलं असायचं की यातले कित्येक फोटो तुमच्याआधी कुणा माणसानं पाहिलेले नसतील. हे वाचल्यापासून बाबा दर फोटोला विचारायचे, "ही कुणी बघितलेली आहे का?" मी म्हणायची, "माहीत नाही." ते म्हणायचे, "मग आपणच पहिले असं धरू." आणि दोन सेकंद जास्त बघायचे.

एकदा मात्र मला खरंच काहीतरी सापडलं. एका साध्या लंबगोल दीर्घिकेच्या शेजारी निळसर हिरवा ठिपका, छान अर्धचंद्रासारखा. तसा मी कधीच पाहिला नव्हता. मी बाबांना दाखवलं, नवऱ्याला बोलावलं. तिथे चर्चेचं एक पान होतं, त्यावर मी मोडक्यातोडक्या इंग्रजीत लिहिलं की मला असं असं दिसलंय. दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये माझं लक्ष नव्हतं. नवऱ्यानं तर ऑफिसात सांगूनही टाकलं होतं की बायकोनं आकाशात काहीतरी शोधलंय, नाव काय द्यायचं ते चाललंय.

दोन दिवसांनी उत्तर आलं. अत्यंत नम्र उत्तर होतं. फोटोच्या चौकटीबाहेर एक ठळक तारा आहे, त्याचा उजेड कॅमेऱ्याच्या आतल्या भिंगांत परावर्तित होऊन हा आकार तयार झालाय. तरीही इतकं बारकाईनं पाहिल्याबद्दल आभार.

"म्हणजे आरशातला कवडसा," बाबा म्हणाले.

"हो."

"पण सापडला तर तुलाच ना."

नवऱ्याला ऑफिसात काय सांगावं लागलं, ते त्यानं मला अजून सांगितलेलं नाही.

त्या कवडशानंतर बाबांच्या डोक्यात एक विचार शिरला. रविवारची सकाळ होती, मी पोहे करत होते. ते दारात येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "हे सगळे फोटोच आहेत ना. तू खरी एक तरी बघितलीस का? डोळ्यांनी?"

मी विचार केला. हजारो दीर्घिका मी वर्गवार लावल्या होत्या. डोळ्यांनी एकही पाहिली नव्हती. लग्नाआधी विठ्ठलवाडीच्या चाळीत आणि लग्नानंतर डोंबिवलीत, वर बघायचं कारण फक्त पतंग आणि पाऊस.

मग मी वाचायला घेतलं. आपल्याकडून नुसत्या डोळ्यांनी सहज दिसू शकते अशी मोठी दीर्घिका एकच, देवयानी. नोव्हेंबर-डिसेंबरात ती संध्याकाळी, माणसं जेवायला बसायच्या वेळेला, जवळजवळ डोक्यावर असते. उत्तरेला शर्मिष्ठा या तारकासमूहाचे पाच तारे इंग्रजी एमसारखे दिसतात. त्या एमचं जे टोक जास्त अणकुचीदार असतं ते बाणासारखं धरायचं आणि त्या दिशेनं वर जायचं. हात लांब करून दीड मूठ अंतर मोजायचं. तिथे पुसटसा ढगाचा तुकडा दिसला की तीच. शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीपर्यंत मोठमोठे जाणकारही तिला आपल्याच आकाशगंगेतला धुरकट ढग समजत होते. तो ढग नसून ताऱ्यांची दुसरी वस्तीच आहे, हे नंतर कळलं.

पहिला प्रयत्न आमच्या गच्चीवर. गच्चीला कुलूप असतं आणि किल्ली सेक्रेटरींकडे. ते निवृत्त सरकारी अधिकारी, तोंडी काही चालत नाही. मी अर्ज लिहिला. कारण: दीर्घिका निरीक्षण.

ते अर्ज घेऊन वर आले. "मॅडम, ही दीर्घिका कोण? कुणाकडे भाड्यानं राहते?"

मी समजावून सांगितलं. त्यांना ते इतकं आवडलं की किल्ली घेऊन स्वतःच आमच्याबरोबर आले. गच्चीवरून स्टेशनकडचा उजेड, समोरच्या बांधकामावरचे फोकस आणि वर नारिंगी रंगाचं आभाळ. शर्मिष्ठेच्या पाचातले तीन तारे मी कसेबसे शोधले. सेक्रेटरींनी दहा मिनिटं वर बघितलं आणि पाण्याच्या टाकीचं झाकण उघडं असल्याचं त्यांच्या लक्षात आलं. तेवढंच त्या संध्याकाळचं निरीक्षण.

दुसरा प्रयत्न भावाकडे. नवऱ्याचं तर्कशास्त्र असं की चोविसावा मजला म्हणजे थोडी तरी जवळ. आम्ही शनिवारी घोडबंदरला गेलो, जाताना ट्रॅफिकमध्ये दीड तास गेला. भावाच्या बाल्कनीतून वरचं काही दिसलं नाही, कारण वर पंचविसाव्या मजल्याची बाल्कनी होती. खाली मात्र सगळा रस्ता तुंबलेला, एका बाजूला लाल दिवे, एका बाजूला पांढरे, वळणावर वाकलेले. बाबांनी मान वळवून ते बघितलं आणि भावाला म्हणाले, "तुझ्या रस्त्याला दोन भुजा आहेत." भावाला काही कळलं नाही. तो म्हणाला, "बाबा, हे रोजचंच आहे."

मी हे सगळं लॅबमध्ये सांगत असायची. आमच्याकडे रक्त घेणारी जी आहे, तिचा हात इतका हलका की लहान मुलंसुद्धा तिच्याकडे रडत नाहीत. तिचं माहेर मुरबाडच्या पुढे, मुख्य रस्ता सोडून आत. ती एकदा डबा खाताना म्हणाली, "ताई, आमच्याकडे या ना. आमच्या खळ्यावर काळोख म्हणजे असा काळोख की हात दिसत नाही. आई एकटीच असते, तिलाही बरं वाटेल."

चंद्र नको म्हणून अमावास्येच्या जवळचा दिवस धरला. तो नेमका अमावास्येचाच निघाला. सोसायटीतल्या दोघीतिघींनी विचारलं, अमावास्येला म्हाताऱ्या माणसाला घेऊन कुठे निघालात? बाबांना भारी मजा वाटली. जो भेटेल त्याला ते आपण होऊन सांगायचे, "आम्ही अमावास्येला चाललोय. मुद्दाम."

दुपारी निघालो. नवरा गाडी चालवत होता, बाबा पुढे, मागे मी आणि लॅबमधली ही मैत्रीण. मुलीची पक्षी बघायची दुर्बीण घेतली होती, चहाचा थर्मास, शाली. शहाडचा पूल ओलांडताना बाबा समोरच्या डॅशबोर्डकडे नजर लावून बसले, म्हणजे त्यांना खिडकीबाहेर दिसावं. "कारखान्याची चिमणी आहे का अजून?" त्यांनी विचारलं. नवरा सांगणार तेवढ्यात म्हणाले, "आहे. दिसली."

गावात पोचलो तेव्हा ऊन कलत होतं. मैत्रिणीच्या आईनं दारातच पाणी दिलं आणि आम्हाला आपादमस्तक न्याहाळलं.

"अवसेच्या दिवशी काय बघाया आलात म्हणं?"

"आभाळ," मैत्रीण म्हणाली.

"डोंबिवलीला नाय का?"

"आहे गं, पण तिथं दिसत नाही."

आईनं आमच्याकडे जरा कीव आल्यासारखं बघितलं आणि भाकऱ्या थापायला आत गेली.

भात झोडून झाला होता. खळं सारवलेलं, कडेला पेंढ्याची गंज. आम्ही बाबांसाठी तिथे बाज टाकली, बाकीच्यांसाठी सतरंजी. सहा-साडेसहाला सूर्य गेला, सातपर्यंत चांगलंच अंधारलं. मी सगळ्यांना सांगितलं की डोळे अंधाराला सरावायला वीसेक मिनिटं लागतात, तोवर दिवा नको. मैत्रिणीनं ओट्यावरचा बल्ब घालवला, शेजारच्या घरी जाऊन त्यांचाही घालवून आली. नवऱ्यानं पंधराव्या मिनिटाला वेळ बघायला मोबाइल काढला आणि सगळं खळं उजळलं.

"आता परत वीस मिनिटं," मी म्हटलं.

"मी वेळच बघत होतो, किती झाली ते."

"तीच गेली."

परत वीस मिनिटं. आणि मग हळूहळू आभाळ भरायला लागलं. मी इतके तारे कधी पाहिले नव्हते. इतके होते की मला ओळखीचे सापडेनात. फोटोत सगळं कसं चौकटीत, एकेकटं येतं. इथे कुणी चौकट करून दिली नव्हती. शेवटी शर्मिष्ठा सापडली, पाचही तारे, ठळक एम. मी अणकुचीदार टोक धरलं, हात लांब केला, दीड मूठ मोजली आणि त्या जागेवर डोळे रोवले.

तिथे काहीच नव्हतं.

मी डोळे मिटून उघडले. नव्यानं मोजलं. एकोणतीस वर्षांचा माझा धंदा आहे नेमकं समोर, नेमक्या जागी बघण्याचा. मी जितकं रोखून बघत होते तितकं तिथलं आभाळ काळं होत होतं. नवऱ्याला दिसेना, मैत्रिणीला दिसेना. मैत्रीण समजूत काढत म्हणाली, "असेल ताई, धुरकट असेल आज." मला रडू यायचं बाकी राहिलं होतं. ज्यांना हे दाखवायला आणलं त्यांना तर दिसणं शक्यच नाही, हे माझ्या तेव्हाच लक्षात आलं. ज्यांना ताटातली भाजी धड दिसत नाही त्यांना मी पुसट ढग दाखवायला पन्नास किलोमीटर आणलं होतं.

बाबा बाजेवर उताणे पडले होते. मग त्यांनी विचारलं, "तो तुझा एम, त्याचं डावीकडचं टोक ना?"

"हो."

"त्याच्या सरळ वर फुंकर मारल्यासारखं काहीतरी आहे."

मला वाटलं, माझं मन राखायला म्हणताहेत. लॅबची सवय, कुणी काही दिसलं म्हटलं की तपासायचं. मी विचारलं, "गोल आहे का?"

"नाही. लांबट आहे."

"कसं लांबट? आडवं, उभं?"

बाबांनी हात वर केला आणि तळहात तिरका धरला. अंधारात तो हात आभाळासमोर काळा दिसत होता. "डावीकडून वर सुरू होतंय, उजवीकडे खाली येतंय. असं. मधे जरा दाट आहे."

मी दुर्बीण उचलली. त्यांच्या हाताच्या रेषेत धरली, थोडी इकडेतिकडे केली आणि ती आली. लांबट, मधे दाट, कडांना विरत गेलेली, आणि कललेली बाबांनी हात धरला होता तशीच. मी कितीतरी वेळ दुर्बीण खाली केली नाही.

"आहे का?" बाबांनी विचारलं.

"आहे," मी म्हटलं. "बाबा, आहे. तुम्ही म्हणालात तशीच आहे."

"मग. मी काय खोटं सांगतोय."

दुर्बीण नवऱ्याकडे गेली, मैत्रिणीकडे गेली. मला मात्र ती नुसत्या डोळ्यांनी हवी होती. "मला का दिसत नाही?" मी बाबांना विचारलं.

"कुठे बघतेस?"

"तिच्याकडेच."

"तिच्याकडे बघू नको ना. तिच्याकडे बघितलंस की जाते. माझंही तसंच होतं. जरा बाजूला बघ, आणि लक्ष तिच्यावर ठेव. डोळे एकीकडे, लक्ष दुसरीकडे."

मी नजर जरा उजवीकडे सरकवली. पुन्हा तिच्याकडे न्यायचा मोह इतका होतो की सांगता येत नाही. दोनदा नेली आणि दोनदा ती गेली. तिसऱ्यांदा मी नजर तिथेच बाजूला ठेवली, आणि कडेला ती हळूच उगवली, आरशावर श्वास पडावा तशी. बाबांनी 'फुंकर' म्हटलं होतं ते अगदी नेमकं होतं.

नंतर घरी आल्यावर मी वाचलं. आपल्या डोळ्याचा मधला भाग दिवसा सगळ्यात तल्लख, पण मंद उजेडाला तो आंधळा असतो. अंधारात पुसट वस्तू बघायची तर सगळ्यांनाच कडेची नजर वापरावी लागते. आकाश बघणारे लोक ते मुद्दाम शिकतात, वर्षानुवर्षं सराव करतात. म्हणजे त्या खळ्यावर, त्या अंधारात, आम्हा सगळ्यांच्याच डोळ्यांत तो करडा डाग होता. फरक एवढाच की बाबांना त्याची चार वर्षांची सवय होती.

बाबांनी मग सगळ्यांना शिकवलं. नवऱ्याला दहा मिनिटं लागली. त्याला 'डोळे एकीकडे, लक्ष दुसरीकडे' हे सांगितल्यावर तो म्हणाला, हे तर मी ऑफिसच्या मीटिंगमध्ये रोज करतो, आणि त्यानंतर लगेच त्याला दिसली. मैत्रिणीनं आईला हाक मारली. त्या पदराला हात पुसत आल्या, बाबांनी सांगितलं तसं बाजूला बघितलं आणि म्हणाल्या, "दिसलं की. ह्या डागासाठी आलात एवढ्या लांब?"

"हा डाग पंचवीस लाख वर्षं चालत आलाय, आई," मी म्हटलं. "हा उजेड तिथनं निघाला त्याला तेवढी वर्षं झाली."

त्यांनी परत एकदा वर बघितलं. "मंग त्याला म्हणावं, जेवून जा," त्या म्हणाल्या आणि आम्हाला आत बोलावलं.

तांदळाची भाकरी, सुक्या बोंबलाची चटणी आणि वालाचं बिरडं होतं. बाबा दोन भाकऱ्या खाऊन परत बाजेवर जाऊन पडले. मी त्यांच्या पायाशी बसले. बराच वेळ ते वर बघत होते, म्हणजे वरच्याच्या जरा बाजूला. मग म्हणाले, "पंचवीस लाख म्हणालीस ना? म्हणजे हा उजेड पाळीला, कामावर निघाला तेव्हा आपण माणसंच नव्हतो."

"आपल्यासारखी नव्हतो."

"आणि पाळी सुटली ती माझ्या डोळ्यात." ते हसले. थोड्या वेळानं म्हणाले, "डॉक्टर म्हणाले होते, कडेची नजर वापरायला शिका. कशाला वापरायची ते काही बोलले नव्हते."

मी त्यांच्या पायांवर शाल नीट केली.

नऊच्या आत आम्ही निघालो. गाडीत बाबांनी माझ्या मुलीला फोन लावायला लावला आणि मुरबाड येईपर्यंत तिला सगळं सांगितलं, एम कुठला, मूठ कशी मोजायची. तिनं विचारलं, "आजोबा, तुम्हाला खरंच दिसली?" तर म्हणाले, "तुझ्या आईला विचार. तिनं तपासून घेतलंय."

सोमवारी संध्याकाळी मी कामावरून आले तेव्हा ते खाली बाकावर बसले होते. शेजारी तिसऱ्या मजल्यावरच्या वहिनी होत्या, सेक्रेटरी होते, आणखी दोघं होते. बाबा त्यांना समजावत होते आणि चारही जण समोरच्या आंब्याकडे न बघता आंबा बघायचा प्रयत्न करत होते.

पुढच्या महिन्यात त्यांनी विचारलं, "अजून कुठली दिसते?" मी वाचून सांगितलं की देवयानीच्या जवळच, त्रिकोण नावाच्या तारकासमूहात एक आहे, पण फारच पुसट. अगदी काळोख्या जागेतूनच, आणि तेही नशीब असेल तर. "मग अजून पुढे जाऊ," बाबा म्हणाले. जानेवारीत आम्ही माळशेजच्या रस्त्याला गेलो, घाटाच्या पायथ्याशी मोकळं माळरान बघून गाडी थांबवली. थंडी सपाटून होती. नवऱ्यानं मोबाइल गाडीतच ठेवला होता. देवयानी लगेच सापडली, जुन्या ओळखीची झाली होती. त्रिकोणातली मात्र दिसली नाही. मला नाही, नवऱ्याला नाही, बाबांनाही नाही. दुर्बिणीतूनही एकदा वाटलं, आहे, एकदा वाटलं, नाही. अशी शंका असताना मी 'दिसली' म्हणणार नाही.

"जागा बरोबर आहे ना?" बाबांनी विचारलं.

"जागा तीच आहे."

"म्हणजे ती तिथे आहे."

"आहे."

"मग बसू अजून थोडं," ते म्हणाले, आणि नवऱ्यानं थर्मास उघडून तीन कपांत चहा ओतला.